शेळ्यांच्या गोठ्याला काटेरी वई, माझा अनुभव

आमचं घर गोव्यातल्या सत्तरी तालुक्यात, म्हादई अभयारण्याच्या जवळच, बिबट्याची भीती असतेच, त्यात गोठ्याची जाळी खालून गंजून सुटली आणि भटकी कुत्री आत शिरायला लागली. मग शेजारच्या काकांना विचारून जुन्या पद्धतीची वई, म्हणजे काट्यांचं कुंपण, घातली. बोरीच्या, करवंदीच्या फांद्या, बुंधा आत आणि काटे बाहेर, म्हणजे बाहेरून कोणी ओढायला गेलं तर काटेच तोंडाला लागतात. प्रत्येक थर दुबेळक्याच्या, म्हणजे टोकाला दोन फाटे असलेल्या, काठीने गच्च दाबायचा, खाली जमिनीलगत फट अजिबात ठेवायची नाही, कुत्री तिथूनच घुसतात. पावसात हे कुजतं, म्हणून बाहेरून सागरगोटा ही काटेरी वेल लावलीय, बी फार टणक, दगडावर घासून, भिजवून मग पेरायचं. कुत्री बंद झाली. बिबट्या मात्र उडी मारतो, त्यामुळे शेळ्या रात्री छपराखाली बंदच ठेवा.