रंगांची जादू रचायला बसलेल्या नव्या फँटसी लेखकांसाठी

जादूला नियम हवेत, किंमत हवी, हे तुम्ही आतापर्यंत दहा ठिकाणी वाचलं असेल. ते पुन्हा सांगत नाही. तुमच्या कल्पित जगातली जादू रंगांवर चालणार असेल, तर मला एकाच खड्ड्याबद्दल बोलायचंय. त्यात माझी उमेदीची वर्षं गेली आणि आजही नवं काही सुरू करताना पाय तिकडेच वळतात.

तो खड्डा म्हणजे तक्ता. लाल म्हणजे राग आणि आग, निळा म्हणजे पाणी आणि शांती, हिरवा म्हणजे औषध, काळा म्हणजे मरण. एका बैठकीत तयार होतो, वहीत सुरेख दिसतो, आणि कादंबरी तिथेच बसते. लाल दोरेवाली मांत्रिकीण दारात आली की आग लागणार, हे वाचकाला पहिल्या पानापासून ठाऊक असतं. तिला अडवणारं काही नाही, तिच्या हातून बिघडणारं काही नाही. स्वतःच्या लिखाणाची कसोटी घ्या: ‘लाल’ शब्द खोडून तिथे ‘क्रमांक तीन’ लिहा. प्रसंग जसाच्या तसा उभा राहिला, तर तुमच्या जादूत रंग कुठेच नाही. हे ऐकायला कडू आहे, पण प्रकाशकाकडून साभार परत आल्यावर कळण्यापेक्षा आज कळलेलं बरं.

शिवाय हे अर्थ टिकतही नाहीत. पांढरं लुगडं आपल्याकडे वैधव्याचं. तिकडे युरोपात 1840 साली राणी व्हिक्टोरियाने लग्नात पांढरा पोशाख घातला आणि पुढे तो नवरीचा रंग होऊन बसला. नेटवर ‘रंगांचं मानसशास्त्र’ म्हणून फिरणारे तयार तक्ते कृपा करून उचलू नका. जाहिरातवाल्यांना ते चालतात, तुमच्या मांत्रिकिणीला त्यांचा काडीचा उपयोग नाही.

मग करायचं काय? रंग कसा होतो, ते हाताने करून बघा. चिमूटभर हळद वाटीभर पाण्यात कालवा आणि त्यात चुन्याची निवळी सोडा. पिवळं पाणी डोळ्यांदेखत लाल होतं. वर लिंबू पिळलं की पुन्हा पिवळं. हळदीचं कुंकू याच गुणावर होत आलंय. आता बघा, एवढ्याशा वाटीत जादूला लागतं ते सगळं आलं: रंग कशाने फिरतो, कशाने परत येतो आणि लिंबू कोणाच्या हातात आहे. माझ्या गोष्टीतली पहिली जिवंत लढत या वाटीतून निघाली.

इथून पुढे रंगाऱ्यांची विद्या म्हणजे खजिनाच आहे. मंजिष्ठा ही रंगाची मुळी तुरटी लावलेल्या कापडावर लाल चढते, तीच लोखंडाचं पाणी लावलेल्या कापडावर काळपट जांभळी होते. म्हणजे एकच मंत्र दोन शिष्यांच्या हातून दोन तऱ्हांनी उमटेल आणि त्याला कारण असेल. लोकर रंग चटकन धरते, सुताला आधी हिरड्याचा हात द्यावा लागतो. हळदीचा रंग कच्चा, उन्हात उडतो. त्यावर बांधलेला वायदा किती दिवस टिकेल? आणि नीळ! ती पाण्यात विरघळतच नाही. गूळ-चुना घालून पीप आंबवायचं, आतला प्राणवायू संपला की ती विरघळते. कापड बाहेर येतं तेव्हा हिरवट-पिवळं असतं. हवा लागली की कडांपासून निळं होत जातं, आणि घडी पडलेली असेल तिथे हिरवा पट्टा काही क्षण तसाच राहतो. ज्या मांत्रिकाची जादू हवेवाचून उमटत नाही, त्याला तळघरात कोंडलं तर काय होईल, हे मला सांगावं लागू नये.

एक गोष्ट मात्र आधी पक्की करा: तुमची जादू उजेडाची की रंगद्रव्याची? लाल आणि हिरवा उजेड एकत्र पडला तर पिवळं दिसतं. तेच दोन रंग कुंचल्याने मिसळले तर मळकट तपकिरी. निम्मी हस्तलिखितं इथे गोंधळतात. दोन्ही ठेवायचे असतील तर दोन वेगळी घराणी करा, मजा येईल.

किंमतीसाठी डोकं खाजवू नका, इतिहास उघडा. 1909 साली फ्रीडलेंडर नावाच्या रसायनशास्त्रज्ञाने 12,000 समुद्री गोगलगायींपासून जेमतेम 1.4 ग्रॅम जांभळा रंग काढला. प्राचीन राजवस्त्रांचा रंग तो हाच. बिहारमधल्या चंपारणमध्ये शेतकऱ्याला बिघाभर जमिनीतल्या 20 कठ्ठ्यांपैकी (कठ्ठा म्हणजे बिघ्याचा विसावा भाग) 3 कठ्ठे निळीच्या लागवडीला द्यावेच लागत, आणि 1917 साली गांधीजी तिथे गेले ते त्यासाठीच. त्याआधी 1897 मध्ये जर्मनीत कारखान्यातली नीळ बाजारात आली आणि झाडाच्या निळीचा धंदा कोसळत गेला. ज्या रंगावर तुमचं राज्य उभं आहे तोच एक दिवस स्वस्तात बनू लागला, तर राजवाड्यात काय होईल? एवढ्या प्रश्नावर तीन खंड लिहून होतील.

गुरूंबद्दल माझं मत जरा टोकाचं आहे. ‘आधी नियमांची वही पूर्ण करा, मग पहिलं वाक्य लिहा’ असं शिकवणाऱ्या कार्यशाळेत मी गेले आहे. तिथून वही भरून आणली, गोष्ट आली नाही. त्यापेक्षा कापड रंगवणाऱ्या एखाद्या कारागिराजवळ दुपारभर बसा. तो ‘आज पाणी जड आहे, रंग नीट बसायचा नाही’ म्हणाला, की तुमचं अख्खं प्रकरण तयार.

आणि घाबरू नका. रसायनशास्त्र कच्चं असलं तरी चालतं, माझंही कच्चंच आहे. एका रंगापासून सुरुवात करा. बाकीचे गरज पडली की येतील. अबोली, आमसुली, मोरपिशी, गुलबक्षी असे रंग आपल्या जिभेवर आहेतच, ते वापरा. पहिला खर्डा मात्र फँटसी कधीच न वाचणाऱ्या माणसाला द्या. तो विचारेल, ‘मग तिने दुसरा रंग का नाही घेतला?’ तुम्ही तोंडी समजावू लागलात, तर ते प्रकरण पुन्हा लिहायला घ्या.