वावरात 315 मीटरचं जहाज आखायचं कसं

फळ्यावर ‘लांबी 315.5 मीटर’ लिहिलं की मुलं ते वहीत उतरवतात आणि विसरतात. तेच वावरात फक्कीनं (मैदान आखायच्या पांढऱ्या भुकटीनं) आखून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालायला लावलं, की पोटऱ्यांना समजतं. शाळेच्या उपक्रमासाठी ‘टायटॅनिक’ सोपं वाटेल, कारण ते 269 मीटरच होतं आणि त्याची गोष्ट सगळ्यांना पाठ आहे. पण 315.5 मीटरचं ‘फ्रान्स’ हे प्रवासी जहाज निवडावं. 2004 मध्ये ‘क्वीन मेरी 2’ येईपर्यंत त्याच्याएवढं लांब प्रवासी जहाज बांधलं गेलं नव्हतं, आणि त्याचा शेवट आपल्याच देशात, गुजरातच्या किनाऱ्यावर झाला.

जागा लागेल 320 मीटर लांब आणि 40 मीटर रुंद. जिल्हा परिषद शाळेच्या पटांगणात हे बसत नाही. कपाशीची उलंगवाडी झाली, पऱ्हाटी उपटून झाली आणि वखरणी व्हायची आहे, तेवढ्या दिवसांत वावर मागा. धुऱ्याला लागून आखू नका. फक्कीची रेघ कुणाच्या हद्दीत गेली तर जहाज राहील बाजूला आणि वाद सुरू होईल. एवढं वावर मिळालंच नाही, तर पांदणीवर नुसती लांबी मोजून दोन्ही टोकांना बांबू रोवा. एसटीच्या 11 मीटरच्या गाड्या एकामागे एक लावल्या तर तेवढ्या जागेत 28 उभ्या राहतील.

सामान: 30 मीटरचा टेप, 44 खुंट्या (बाभळीच्या, हातभर लांब), तीन उंच बांबू, 13 मीटरच्या दोन दोऱ्या, ठिबकची जुनी 16 मिलिमीटरची नळी शंभरेक मीटर, आणि 25 किलोच्या फक्कीच्या तीन गोण्या. कळीचा चुना मुळीच आणू नका. ओल्या हाताला आणि डोळ्याला तो भाजतो. सहा माणसं असतील तर तीन तासांत काम उरकतं. मार्चमध्ये सकाळी सातला सुरू करा, म्हणजे उन्हाच्या आत आटोपेल.

आधी मधली रेषा. 300 मीटर सुतळी ताणायच्या भानगडीत पडू नका, वाऱ्यानं ती पोट काढते आणि जहाज केळ्यासारखं वाकडं होतं. दोन टोकांना दोन बांबू रोवा, तिसरा घेऊन एकानं मध्ये उभं राहावं. टोकाच्या बांबूमागून एका डोळ्यानं पाहिल्यावर तिन्ही बांबू एकामागे एक लपले पाहिजेत. तसे दिसले की तिथं खुंटी. टेप दहा वेळा सरकवायचा, वर 15.5 मीटर. दर वेळी पाच सेंटिमीटर चुकलं तरी शेवटी अर्ध्या मीटरचाच फरक पडतो. वाकडेपणा मात्र लांबूनही दिसतो.

आता रुंदी. खालचे आकडे मधल्या रेषेपासून एका बाजूचे आहेत, दुसरी बाजू तशीच. आकार डोळ्याला जहाजासारखा दिसावा म्हणून हे ठरवले आहेत, कारखान्याचा नकाशा समजू नका. नाळेपासून, म्हणजे पुढच्या टोकापासून, 20 मीटरवर 3.5 मीटर, 40 वर 7.5, 60 वर 11, 80 वर 13.8, 100 वर 15.6, 120 वर 16.9. तिथून 230 पर्यंत सरळ 16.9 (मध्ये 155 आणि 195 वरही खुंट्या ठोका). पुढे 250 वर 16.2, 270 वर 14.2, 290 वर 10.8, 305 वर 6.5, 312 वर 3 आणि 315.5 वर मागचं टोक.

काटकोन असा काढा. मधल्या रेषेवर त्या खुंटीच्या पाच मीटर पुढे आणि पाच मीटर मागे एकेक मुलगा 13 मीटरच्या दोरीचं टोक धरून उभा राहील. दोन्ही दोऱ्या ताणून जिथं मिळतात, ती जागा बरोबर 12 मीटर बाहेर आणि काटकोनात असते. खुंटीपासून त्या जागेच्या दिशेनं टेप टाकला की झालं.

खुंट्या सुतळीनं जोडल्या तर जहाज कोनाकोनाचं दिसतं. त्याऐवजी ठिबकची नळी खुंट्यांच्या बाहेरून टेकवत, पुढंपुढं सरकवत न्या. ती आपोआप गोलाई घेते. गुंडाळलेली असेल तर तासभर आधी उन्हात पसरून ठेवा. तेलाच्या डब्याच्या बुडाला खिळ्यानं भोकं पाडून नळीच्या कडेकडेनं फक्की झटका. 640 मीटरच्या रेघेला साधारण 70 किलो लागते. ढेकळांवर दुप्पट जाईल, म्हणून रेघेपुरती जमीन आधी पाटानं दाबून घ्या. आतली जागा दोन एकरांची होते, सातबाऱ्याच्या भाषेत 82 आर.

धुराडी दोन. त्यांची जागा छायाचित्रावरून काढा: जहाज बाजूनं दिसणारा फोटो 21 सेंटिमीटर लांब छापला की एक सेंटिमीटर म्हणजे 15 मीटर. तिरका फोटो घेतला तर जवळचा भाग मोठा दिसतो आणि धुराडी सरकतात. धुराड्यांना दोन्ही बाजूंना पंख होते. काजळी डेकवरच्या माणसांवर पडू नये म्हणून धूर तिथून बाजूला सोडत.

जहाजाची गोष्ट सांगणाऱ्या फलकांसाठी खताची पोती उलटी करून काळ्या रंगानं लिहा. सन मोठ्या अक्षरात हवा, कारण चालताना घटना उलटसुलट क्रमानं भेटतात; क्रम मुलांनी लावायचा.

मध्यभागी, कडेला: 11 मे 1960 रोजी फ्रान्स देशातल्या सँ-नाझेर इथं जलावतरण, फेब्रुवारी 1962 मध्ये न्यूयॉर्कची पहिली फेरी. शेजारी आणखी एक पोतं: 1973 नंतर तेल महागलं, सरकारनं अनुदान थांबवलं, 1974 मध्ये जहाज बंद. तेव्हा खलाशांनीच ते फ्रान्स देशातल्याच ल आव्र बंदराच्या तोंडाशी अडवून धरलं होतं.

मागच्या टोकाला जहाज पाण्यात ढकलणारे चार पंखे आखा आणि बाहेरच्या दोनांवर फुली मारा. 1979 मध्ये जहाज विकलं गेलं, ‘नॉर्वे’ नावाचं सहलींचं जहाज झालं आणि जर्मनीतल्या ब्रेमरहाफेनला त्याचे दोन पंखे काढले. समुद्र ओलांडायला लागणारा 30 नॉटचा (ताशी सुमारे 55 किलोमीटर) वेग सहलीच्या जहाजाला नको होता; तेल वाचवणं महत्त्वाचं होतं. पुढची यंत्रखोलीही बंद केली.

पुढच्या डेकवर दोन मोठ्या होड्या आखा. जहाज दहा मीटरहून जास्त खोल बुडायचं, गावातल्या पस्तीस फुटी विहिरीएवढं. कॅरिबियन बेटांच्या धक्क्याला ते लागू शकत नसे, म्हणून प्रवासी या होड्यांतून किनाऱ्यावर जात.

मागच्या धुराड्याखाली बॉयलरचा फलक. 25 मे 2003 रोजी मायामीच्या धक्क्यावर तिथं स्फोट झाला, आठ खलाशी दगावले. तो का झाला हे मुलांना दाखवायला बारीक तार द्या आणि एकाच जागी मागेपुढे वाकवायला सांगा. काही वेळानं ती तुटते. सलग समुद्र ओलांडण्यासाठी बांधलेले बॉयलर सहलींमध्ये वारंवार पेटवले-विझवले जात. लोखंड तापून फुगतं, निवून आकसतं, आणि तपासणी-दुरुस्ती नीट झाली नाही की चीर वाढत जाते.

नाळेपाशी शेवटचा फलक. ‘ब्लू लेडी’ या नावानं ऑगस्ट 2006 मध्ये जहाज गुजरातमधल्या अलंगला, जहाजं तोडतात तिथं, भरतीच्या पाण्यावर किनाऱ्यात चढवलं. जहाजातल्या ॲस्बेस्टॉसवरून (फुप्फुसाला घातक तंतू) खटला चालला, सप्टेंबर 2007 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तोडायला परवानगी दिली. नाळेचं टोक तेवढं कापून फ्रान्स देशात परत नेलं आणि 2009 मध्ये पॅरिसला त्याचा लिलाव झाला. म्हणून तिथली रेघ दोन मीटर मोकळी सोडा.

वावर परत करताना खुंट्या मोजा, 44 भरल्या पाहिजेत. मातीत राहिलेली एक खुंटी पुढच्या वखरणीत पासेला अडकते, आणि पुढच्या वर्षी वावर मिळत नाही.