जुन्या जर्मन सिनेमातल्या दुय्यम नटाची कारकीर्द शोधायची कशी

दोन महायुद्धांच्या मधल्या काळातल्या जर्मन दुय्यम नटाच्या नावावर इंटरनेटवर साठ-सत्तर चित्रपट सहज सापडतात. ती यादी उतरवून घ्या, पण पुरावा मिळेपर्यंत तिची प्रत्येक ओळ कच्चीच धरा.

दर चित्रपटाला एक ओळ ठेवा. नाव, निर्मिती संस्था, भूमिका, मीटरमधली लांबी, सेन्सॉरची तारीख, पहिल्या खेळाची तारीख आणि माहिती कुठून मिळाली, एवढे रकाने पुरतात. दोन्ही तारखा वेगळ्याच लिहा. डिसेंबरात सेन्सॉर होऊन फेब्रुवारीत लागलेला चित्रपट याद्यांमध्ये दोन वर्षांत दोनदा मोजला जातो.

सुरुवात सिनेमापासून नको, नाटकापासून करा. ही मंडळी बहुतेक रंगभूमीची. ‘डॉइचेस ब्यूनेन-यारबुख’ या नाट्यवार्षिकात शहरवार नाटकमंडळ्या आणि त्यांतल्या नटांची नावं असतात. 1915 च्या आधीचे अंक ‘नॉयर थेआटर-आल्मानाख’ या नावाखाली शोधा. ‘नोस्फेराटू’ या मूकपटातला पिशाच्च साकारणारा माक्स श्रेक हे टोपणनाव असल्याची वावडी बरीच वर्षं फिरली, कारण श्रेक म्हणजे जर्मनमध्ये धसका. पण तो खऱ्या नावाचा, म्युनिकच्या रंगभूमीवरचा मुरलेला नट होता.

मग सेन्सॉरची कार्डं, म्हणजे चित्रपटाला मिळालेली परवानगीपत्रं. 12 मे 1920 च्या चित्रपट-कायद्यानंतर बर्लिन आणि म्युनिक इथे तपासणी होई. कार्डावर लांबी, अंकांची (म्हणजे रिळांची) संख्या आणि मूकपट असेल तर बऱ्याचदा पडद्यावरच्या पाट्यांचा मजकूरही मिळतो. नटांची नावं असतीलच असं नाही. ती ‘इलुस्ट्रियर्टर फिल्म-कुरिअर’ या सचित्र पुस्तिकांत पाहा आणि त्या काळच्या चित्रपट-व्यवसायाच्या नियतकालिकांतल्या परीक्षणांशी ताडून घ्या.

लांबीचा रकाना बरेच जण रिकामा सोडतात, आणि तिथेच फसतात. 35 मिमी फिल्मच्या एका मीटरमध्ये साधारण 52.5 चौकटी (फ्रेम) बसतात. म्हणजे 2000 मीटर फिल्म सेकंदाला 20 चौकटींनी साडेसत्त्याऐंशी मिनिटं चालते, 24 ने जेमतेम 73. तुमच्या हातातली प्रत वेगाचा हिशेब धरूनही तोकडी पडत असेल, तर ती कापलेली आहे, आणि कात्री आधी दुय्यम भूमिकांवर चालते. ‘मेट्रोपोलिस’ 1927 च्या जानेवारीत लागला तेव्हा 4189 मीटरचा होता, नंतर 3241 वर आला. त्यात फ्रिट्झ रास्पची भूमिका जवळजवळ नाहीशी झाली. 2008 मध्ये ब्यूनोस आयर्सला लांब प्रत मिळाली तेव्हा ती पुन्हा दिसली. म्हणून प्रतीत नट दिसला नाही, एवढ्यावरून नाव खोडू नका.

स्कॅन केलेल्या अंकांत नाव शोधताना चुकीचं स्पेलिंगही टाका. गॉथिक छपाईतला लांब ‘एस’ संगणकाला ‘एफ’ वाटतो, आणि ‘रास्प’चा ‘राफ्प’ होऊन बसतो. कुर्ट आणि कार्ल ही नावं ‘के’ने आणि ‘सी’ने, दोन्ही प्रकारे लिहिलेली मिळतात. दोन बिंदूंचा ‘ओ’ कधी ‘ओई’ होतो.

बोलपट आल्यावर नवाच घोळ. एकाच सेटवर जर्मन, फ्रेंच, इंग्रजी आवृत्त्या निघत आणि दुय्यम नट बहुधा बदलत. प्रत्येक आवृत्तीला स्वतंत्र ओळ द्या.

1933 ला यादी अचानक थांबली, तर ‘निवृत्त’ असं लिहून मोकळं होऊ नका. त्या जुलैत राइशफिल्मकामर, म्हणजे नाझी सरकारचं चित्रपट-चेंबर, स्थापन झालं. त्याच्या सदस्यत्वाशिवाय काम मिळेना आणि ज्यू कलावंतांना दारं बंद झाली. ज्यू नट कुर्ट गेरॉन फ्रान्समार्गे नेदरलँड्सला गेला. 1944 मध्ये आउशविट्झला त्याची हत्या झाली. त्यामुळे पुढची वर्षं व्हिएन्ना, बुडापेस्ट, पॅरिस, अॅमस्टरडॅम इथल्या चित्रपटांत शोधा. जे जर्मनीतच राहिले, त्यांच्या चित्रपट-चेंबरच्या फायलींसाठी बर्लिन-लिश्टरफेल्डच्या संघीय अभिलेखागाराकडे विचारणा करा. अर्जात जन्मतारीख घाला, नाहीतर एकाच नावाच्या भलत्याच माणसाची फाईल हाती येते.