घाटातल्या शेतकऱ्यांसाठी पावसाळी सल्ला: चापडा ओळखा, हात सांभाळा

श्रावण सरत आला की पाटण, जावळी, महाबळेश्वरच्या पट्ट्यात हाताच्या कामांची रीघ लागते. गौरीसाठी तेरडा आणायचा असतो, भाताच्या बांधावरचं गवत काढायचं असतं, स्ट्रॉबेरीचे गादीवाफे ओढायचे असतात. दसरा झाला की वैरणीचं गवत, त्यामागोमाग बांबूतोड. नेमक्या याच दिवसांत चापडा हा विषारी साप सगळ्यात जास्त दिसतो, कारण बेडूक-पाली भरपूर असतात, रान ओलं असतं आणि पाला दाट असतो.

कराड, वाळव्याचा ऊसकरी पाय सांभाळतो. बरोबरच आहे ते, घोणस उसाच्या पाचटात जमिनीवर पडलेली असते. माण, आटपाडी, जतच्या माळावर फुरसं दगडाखाली असतं, तिथेही धोका मुख्यतः खालूनच. घाटात मात्र हिशेब वेगळा आहे. चापडा झुडपात बसतो, कधी गुडघ्याएवढ्या उंचीवर, कधी छातीएवढ्या, कधी थेट तोंडासमोर. गमबूट घालून गेलेला माणूसही त्याच्या टप्प्यात असतो. चावा बोटांवर, मनगटावर, क्वचित चेहऱ्यावर बसतो. म्हणून जिथे हात जाणार, तिथे आधी नजर गेली पाहिजे.

चापडा म्हणजे नक्की कोण

इंग्रजी पुस्तकात ज्यांना पिट व्हायपर म्हणतात, त्यांना आपल्याकडे चापडा म्हणतात. डोळा आणि नाकपुडी यांच्या मधे दोन्ही बाजूंना एकेक खोल खाच असते. खाचेच्या आत मज्जातंतूंनी भरलेला पातळ पडदा असतो आणि त्याला उष्णता जाणवते. मिट्ट काळोखात बसलेल्या उंदराचं ऊबदार अंग या सापाला वेगळं कळतं ते याच खाचेमुळे. गार, ओल्या पानांतून सरकणारा माणसाचा हातही तसाच कळतो. घोणस आणि फुरसं हीसुद्धा व्हायपर कुळातलीच, पण त्यांना ही खाच नसते. अमेरिकेतला शेपटीचा खुळखुळा वाजवणारा रॅटलस्नेक मात्र चापड्याच्याच गटातला.

आपल्या डोंगरात सर्वांत जास्त गाठ पडते ती बांबू चापड्याशी. पोपटी-हिरवा, पोट फिकट पिवळसर, लांबी साधारण दोन ते अडीच फूट. डोकं त्रिकोणी आणि रुंद, मान एकदम बारीक, बाहुली उभी चिरेसारखी. शेपटीने तो फांदीला घट्ट विळखा घालू शकतो. कारवीच्या झुडपात बसलेला चापडा दिसला तर हा विळखा लांबूनच नीट पाहून घ्यावा: शेपटी आणि मागचं अंग काडीला आवळलेलं, पुढचं अंग नागमोडी आखडून धरलेलं, डोकं किंचित खाली रोखलेलं, पावसाचे थेंब पाठीवर तसेच. त्या पवित्र्यातून तो मागचं अंग न हलवता झेप घेतो. तुम्ही हे चार हात लांबून पाहत असाल तर ठीक आहे. त्याहून जवळ असाल तर हळूच मागे सरा.

दुसरा मलबारी चापडा. हा ओढ्याकाठच्या दगडांवर आणि खालच्या फांद्यांवर राहतो. त्याच्या रंगाचा भरवसा नाही. हिरवा, तपकिरी, पिवळा, नारिंगी छटेचा, असा एकाच जातीत निरनिराळा सापडतो, वर गडद ठिपक्यांची नक्षी. आंबोली, गोवा, कर्नाटकाच्या बाजूला तो जास्त. रंगावरून साप ओळखायची सवय असलेल्यांनी इथे सावध राहावं, कारण शेवाळलेल्या तपकिरी खडकावर तपकिरी मलबारी चापडा दिसणं जवळजवळ अशक्य असतं.

तिसरा वर वळलेल्या नाकाचा चापडा, आकाराने लहान, तपकिरी, वाळक्या पाल्यात जमिनीवर बसणारा. केरळात रबर आणि कॉफीच्या मळ्यांत त्याचे चावे नेहमीचे आहेत. त्याच्या विषाने मूत्रपिंडं निकामी होऊ शकतात, त्यामुळे लहान साप म्हणून कोणी हसण्यावारी नेऊ नये. तो दक्षिणेकडचा. आपल्या शेतकऱ्याची रोजची गाठ पडते ती बांबू चापड्याशीच.

चापडा अंडी घालत नाही, जिवंत पिलं देतो. बोटाएवढं पिलूही जन्मापासून विषारी असतं.

हिरवं दिसलं की चापडाच, असं नाही

आपल्याकडे दोन हिरवे साप चापडा समजून नाहक मारले जातात. हरणटोळ वेलीसारखा लांब आणि सडपातळ, तोंड टोकदार, बाहुली आडवी. तो सौम्य विषारी असतो, माणसाला धोका नसल्यात जमा. गवत्या साप बिनविषारी, बांधावरच्या गवतात फिरणारा, डोक्यावर मोठे खवले असलेला. चापड्याच्या डोक्यावरचे खवले बारीक दाणेदार असतात. पण खवले मोजायला कोणी जवळ जाऊ नये. लांबून पुरेल अशी खूण म्हणजे सडपातळ आणि लांब असेल तर हरणटोळ, आखूड, जाड आणि मोठ्या डोक्याचा असेल तर चापडा. शंका असेल तर चापडाच समजा आणि हात लांब ठेवा.

नागपंचमीला आपण चिरत नाही, कापत नाही, शेतात नांगर घालत नाही. त्याच आठवड्यात कुंपणावरचा चापडा काठीने ठेचला जातो, हे मला पटत नाही. तो शेतातले उंदीर, बेडूक, पाली खातो आणि माणसाच्या मागे कधीच येत नाही. शिवाय 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने सापाला मारणं हा गुन्हा आहे. आणखी एक व्यवहाराची गोष्ट: साप मारायला गेलेल्यालाच साप चावतो, असं फार वेळा घडतं.

कामं करताना

आपल्या सगळ्यांना शिकवलेलं असतं की काठी आपटत चला, साप निघून जातो. धामण जाते, नागही बहुतेक वेळा जातो. चापडा जात नाही. त्याचा सगळा भरवसा रंगावर असतो. तो तिथेच बसून राहतो, एकाच काडीवर दोन-दोन दिवससुद्धा. फार त्रास झाला तर शेपटीचं टोक थरथरवतो, तोंड उघडतो, पण तेही नेहमी नाही. त्यामुळे काठी आपटण्यापेक्षा काठीने फांद्या बाजूला करून आत पाहणं महत्त्वाचं.

बांबूच्या बेटात हा नियम कसोशीने पाळा. कोयता घालण्याआधी लांब आकडीने बाहेरच्या काठ्या वाकवून आतली पेरं, कांड्यांचे जोड आणि खालचा पाला बघून घ्या. बेटात एका बाजूने शिरा, म्हणजे मागून साप येण्याचा प्रश्न राहत नाही. तोडलेली काठी ओढताना वर बघा. वरून पाल्यासकट जे खाली येतं त्यात साप असू शकतो, म्हणून डोक्यावर रुंद कडेची टोपी किंवा इरलं असलेलं बरं. मजुरांना सकाळीच हे सांगा, आणि उक्तं काम दिलं असेल तर दोनदा सांगा, कारण घाईत पाहणं सुटतं.

तेरडा, भारंगी, कुर्डू खुडायला बायका-मुलं जातात. त्यांना एक काठी आणि एक सवय द्या: झुडपाच्या आत हात न घालता बाहेरच्या कडेचं खुडायचं, आतलं हवं असेल तर काठीने उघडून. लहान मुलांना दाट कारवीत पुढे पाठवू नका.

वैरणीचं गवत कापताना डाव्या हाताने मूठ धरण्याआधी विळ्याच्या पाठीने ती मूठ हलवून बघावी. सवय लागली की वेळ जात नाही. कापलेला भारा रात्रभर बांधावर पडला असेल तर सकाळी कवेत घेण्याआधी तो काठीने उलटा. तालीच्या दगडांत बोटं घालून कधीही चढू नका. स्ट्रॉबेरीच्या प्लॉटमध्ये मधल्या वाफ्यांपेक्षा कडेच्या कुंपणाजवळचे वाफे, ठिबकच्या पाइपांची गुंडाळी, मल्चिंग पेपरचे रोल आणि रोपांचे क्रेट यांच्याकडे जास्त लक्ष द्या.

रबरी हातमोज्यांतून चापड्याचा दात सहज आरपार जातो. त्याचे विषदात लांब असतात, मिटलेल्या अवस्थेत टाळूला टेकलेले, चावताना पुढे येतात. वेल्डिंगवाले वापरतात तसे जाड चामडी मोजे बांबूतोडीला नक्कीच बरे, पण ते घातले म्हणून न बघता हात घालायची मुभा मिळत नाही.

गवे आणि रानडुकरं भात उठवू नयेत म्हणून राखणीला जाणाऱ्यांनी बॅटरी फक्त पायवाटेवर मारू नये. तोंडाच्या उंचीच्या फांद्यांवरही मारावी. राखणीच्या माळ्याची शिडी चढताना प्रत्येक पायरीवर आधी उजेड, मग हात. घरापासून शेतापर्यंतच्या रोजच्या वाटेवर आडव्या आलेल्या फांद्या छाटून टाका. बांध जाळू मात्र नका, त्याने साप कमी होत नाहीत, वणवा लागतो.

चावलाच तर

चापड्याच्या चाव्याने लगेच आग होते आणि सूज भराभर चढते. बोटापासून कोपरापर्यंत, कधी खांद्यापर्यंत. फोड येतात, काळंनिळं पडतं. बांबू चापड्याने माणूस दगावणं क्वचित, पण बोट कायमचं अधू होऊ शकतं.

अंगठी, बांगड्या, घड्याळ, मनगटाचा दोरा सगळं त्याच क्षणी काढा. सूज चढल्यावर बांगडी फोडायची वेळ येते आणि अंगठीने बोटाचा रक्तपुरवठा तुटतो. हात मोडल्यावर बांधतात तसा काठीचा आधार देऊन हलणार नाही असा ठेवा. वर आवळून दोरी बांधू नका, ब्लेड मारू नका, तोंडाने चोखू नका, चुना-हळद-पाला लावू नका. देवऋषाकडे घालवलेला तास परत मिळत नाही. दुखतंय म्हणून ॲस्पिरिन किंवा डायक्लोफेनॅकची गोळी घरात देऊ नका, त्याने रक्तस्राव वाढू शकतो आणि मूत्रपिंडांना इजा होऊ शकते. सुजेची कड पेनाने आखून शेजारी वेळ लिहा. दवाखान्यात ही रेघ फार कामाला येते.

आता महत्त्वाचं. आपल्याकडे मिळणारी सर्पविषावरची लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चार सापांच्या विषावर बनवलेली असते. चापड्याच्या विषावर ती नीट चालत नाही, आणि लसीची स्वतःची ॲलर्जी येऊ शकते. म्हणून डॉक्टरांना "झाडावर होता, हिरवा, आखूड, मोठ्या डोक्याचा" एवढं सांगितलं तरी उपचाराची दिशा बदलते. चार हातांवरून मोबाइलवर फोटो मिळाला तर उत्तम. नाही मिळाला तर त्यासाठी थांबू नका, आणि साप मारून पिशवीत आणू नका. मेलेल्या सापाचं डोकंही काही वेळ चावू शकतं.

यातून कोणी "चापडाच आहे, लस लागत नाही, घरी बसू" असा अर्थ काढू नये. साप पाहिलाच नसेल तर तो घोणस असू शकतो, आणि घोणशीच्या चाव्यात दर तासाला धोका वाढतो. दवाखान्यात काचेच्या कोरड्या नळीत रक्त घेऊन ते 20 मिनिटांत गोठतं का ते पाहतात. ही तपासणी पुन्हा पुन्हा करावी लागते, लघवी किती होते तेही बघावं लागतं. म्हणून बरं वाटलं तरी निदान 24 तास तिथेच राहा.

108 ची गाडी मोफत आहे. कोयनेच्या जलाशयापलीकडच्या गावांना गाडीपेक्षा लाँच आधी लागते. तिथल्या प्रत्येक वस्तीने रात्री कोणती लाँच सुटेल, डिझेल कुणाकडे, चालवणारा कोण, हे गणपतीच्या बैठकीतच ठरवून नंबर शाळेच्या भिंतीवर लिहावा. मेढा, पाटण, महाबळेश्वरच्या ग्रामीण रुग्णालयात आज लस आहे का, हे सरपंचांनी पावसाळ्यात अधूनमधून फोन करून विचारत राहावं.

जनावरांना चरताना नाकपुडीवर चावा बसतो. तोंड सुजलं, दम लागला की मोरकी सैल करा आणि पशुवैद्याला बोलवा.

सर्पदंशाने मृत्यू आल्यास गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेतून 2 लाख रुपये मिळतात. अर्ज तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे 30 दिवसांच्या आत करायचा असतो. सातबारावर नाव असलेल्या शेतकऱ्याबरोबर कुटुंबातली आणखी एक व्यक्तीही यात येते, हे अनेकांना माहीत नसतं. दवाखान्याच्या कागदावर "सर्पदंश" असं स्पष्ट लिहून घ्या. दाखल होतानाच लिहून घेतलेलं बरं, नंतर तो शब्द घालून घेताना हेलपाटे पडतात.