हलका क्रीमी कोळंबी पास्ता: या चुका टाळा

बाबांच्या अँजिओप्लास्टीनंतर आमच्या फ्रिजमधून लोणी आणि फ्रेश क्रीम दोन्ही गेलं. कोळंबी राहिली. डॉक्टर म्हणाले, बेताने खा, पण तळून नको आणि क्रीममध्ये बुडवून नको. इकडे नातवंडांच्या नादाने बाबांना पांढऱ्या सॉसमधला कोळंबी पास्ता मनापासून आवडायला लागलेला. म्हणून एका रविवारी मी क्रीमच्या जागी तेवढंच दूध ओतलं, चव यावी म्हणून अर्धं लिंबू पिळलं आणि गॅस मोठा केला. मिनिटभरात पांढरे कण वर, पिवळसर पाणी खाली. बाबांनी निमूटपणे ताट संपवलं. ते मला फार लागलं. पुढचे तीन-चार महिने मी हा एकच पदार्थ पुन्हा पुन्हा करून पाहिला.

त्यातून कळलं ते असं. क्रीम त्या कढईत तीन कामं करत असतं. सॉस दाट करतं, थोडं आंबट लागलं तरी सहसा फुटत नाही, आणि लसूण-कोळंबीची चव जिभेवर रेंगाळत ठेवतं. क्रीम काढून टाकलं की ही तिन्ही कामं उघड्यावर पडतात. ती कुणाकडे तरी सोपवल्याशिवाय नुसतं दूध घालून काही होत नाही. खालच्या बहुतेक चुका यातूनच निघतात.

आधी हिशेब सांगते, कारण तो पाहिला की मेहनत घ्यावीशी वाटते. दोन माणसांच्या पास्त्यात २०० मिली फ्रेश क्रीम आणि दोन मोठे चमचे लोणी घातलं, तर २५ टक्के स्निग्धांशाच्या क्रीममधून ५० ग्रॅम आणि लोण्यातून साधारण २२ ग्रॅम, म्हणजे सत्तरच्या वर ग्रॅम फॅट झालं. त्याऐवजी २०० मिली टोन्ड दूध (३ टक्के), दोन चहाचे चमचे तेल आणि एक चीज क्यूब घेतला, तर सगळं मिळून बावीस-तेवीस ग्रॅमवर येतं. कोळंबीत फॅट नगण्य असतं. तिच्यात कोलेस्टेरॉल मात्र असतं, म्हणून ज्यांना पथ्य आहे त्यांनी प्रमाण डॉक्टरांना विचारूनच ठरवावं.

दूध थेट कढईत ओतणं

ताकाची कढी करताना आपण बेसन लावतो ते काही फक्त दाटपणासाठी नाही. बेसन नसेल तर ताक उकळीला फुटतं. इथेही तेच आहे. दुधातली प्रथिनं आंबट आणि उष्णता एकत्र भेटली की गोळा होतात. क्रीममध्ये प्रथिनं कमी आणि स्निग्धांश जास्त, म्हणून ते तग धरतं. दूध जितकं पातळ तितकं हे भय जास्त. पिठूळ अंश मध्ये असला की प्रथिनांना एकमेकांना चिकटायला अवघड जातं.

म्हणून २०० मिली थंड दुधात दोन सपाट चहाचे चमचे कॉर्नफ्लोअर आधी विरघळवून घ्यायचं. थंड दुधातच, कारण गरम दुधात टाकलं की गुठळ्या ठरलेल्या. मग ते कढईत ओतून सतत ढवळत एक बुडबुड्यांची उकळी येऊ द्यायची. उकळी आल्याशिवाय कॉर्नफ्लोअर आळत नाही आणि कच्ची पिठूळ चवही जात नाही. पण मिनिटभरच. खूप वेळ खदखदत ठेवलं तर आळलेला सॉस पुन्हा पातळ पडतो, हे मला बराच काळ समजत नव्हतं आणि मी दर वेळी आणखी कॉर्नफ्लोअर घालत बसायचे.

लिंबू? गॅस बंद केल्यावर, ताटात वाढताना, चार थेंब. त्याहून चांगलं म्हणजे लिंबाची पिवळी साल बारीक किसून घालायची. वास सगळा मिळतो, आंबटपणा नाही. व्हाइट वाइन वापरणार असाल तर ती दुधाच्या आधी घालून जवळजवळ आटवून टाकायची. टोमॅटो आणि कोकम या सॉसच्या जवळपासही नको.

काहींना दूध नको, चक्का हवा असतो. चालतो, छान आंबूस लागतो. मात्र फ्रिजमधून काढलेला थंडगार चक्का गरम कढईत गेला की फुटलाच समजा. तो बाहेर काढून ठेवायचा, अर्धा चमचा कॉर्नफ्लोअर घालून घोटायचा, गॅस बंद करायचा आणि मग दोन चमचे गरम सॉस त्यात मिसळून, सैल करून कढईत सोडायचा.

कोळंबीची सालं कचऱ्यात टाकणं

माझ्या मते सगळ्यात मोठी चूक हीच. हलका पास्ता फिका लागतो अशी तक्रार असते, आणि चव तर सोलताना आपणच डब्यात टाकलेली असते.

अर्धा किलो अख्खी कोळंबी आणली की सोलून जेमतेम अडीचशे-पावणेतीनशे ग्रॅम उरते. बाकीची डोकी आणि सालं पैसे मोजून आणलेली आहेत. ती स्वच्छ धुऊन निथळायची. जाड बुडाच्या पातेल्यात चहाचा एक चमचा तेल तापवून सालं टाकायची आणि हलवत राहायचं. आधी करडी, ओशट दिसतात, पाणी सुटतं, चिकटतात. दोन-तीन मिनिटांनी पाणी आटतं, चरचर आवाज बदलतो, कडा केशरी होऊ लागतात. आणखी दोन मिनिटांनी सगळी लालसर, कोरडी होतात, आणि घरभर भाजलेल्या सुकटीसारखा पण गोडसर वास सुटतो. तेलाचा रंगही नारिंगी झालेला असतो. त्या क्षणी चेचलेल्या लसणाच्या दोन पाकळ्या, चार मिरीदाणे आणि दीड कप पाणी. डावाने डोकी दाबायची म्हणजे आतला ऐवज उतरतो. पंधरा मिनिटं मंद आचेवर ठेवून गाळायचं. वाटीभर, म्हणजे १५० मिलीच्या आसपास, तपकिरी-केशरी रस्सा मिळतो.

आधी हा रस्सा कढईत, त्यात कॉर्नफ्लोअरचं दूध, मग पास्ता. पहिल्यांदा असा केला तेव्हा बाबांनी विचारलं, "यात क्रीम आहे ना?" त्यात क्रीमचा थेंब नव्हता.

अर्धा तासाहून जास्त उकळू नका, सालं कडवट आणि चुन्यासारखी चव सोडायला लागतात. आणि सोललेली फ्रोझन कोळंबी वापरत असाल तर रस्सा कशाचा करणार? मी सालं-डोकी मिळतील तेव्हा डब्यात घालून फ्रीझरमध्ये साठवते. १ जून ते ३१ जुलै आपल्या किनाऱ्यावर यांत्रिक बोटींची मासेमारी बंद असते, त्या दोन महिन्यांत ती पुंजी कामी येते.

पास्त्याला नूडल्ससारखी वागणूक देणं

हक्का नूडल्स करताना पाण्यात तेल, नंतर गार पाण्याची धार, वरून पुन्हा तेलाचा हात, ही आपल्या हाताला बसलेली सवय. नूडल्स सुट्या राहायला हव्या असतात, म्हणून तिथे ते बरोबर आहे. पास्त्याला सॉस चिकटायला हवा असतो. तेल लावलं की सॉस घसरतो, धुतलं की वरचा पिठूळ थर वाहून जातो. आणि तो थरच तर आपल्याला क्रीमच्या बदल्यात हवा आहे.

रोममध्ये रेस्टॉरंट चालवणाऱ्या अल्फ्रेदो दि लेलियोंनी ज्या फेत्तुचिनीला (चपट्या, लांब पास्त्याला) नाव मिळवून दिलं, त्यात क्रीम नव्हतंच. लोणी, पार्मेझान चीज आणि पास्त्याचं पाणी, एवढ्यावर सॉस बांधला जायचा. क्रीम नंतर अमेरिकेत शिरलं. नेपल्सकडचा शिंपल्यांचा स्पागेटी तर आणखी हलका. त्यात दूध नाही, चीज नाही. ऑलिव्ह तेल, शिंपल्यांना सुटलेलं पाणी आणि पास्त्याचं पिठूळ पाणी एकत्र हलवून हलवून चकचकीत सॉस होतो. आपल्या तिसऱ्यांचा तसा पास्ता करून पाहा, फार सुंदर लागतो. फक्त शिजवूनही तोंड न उघडलेल्या तिसऱ्या काढून टाका.

तर पास्ता उकळायला पाणी कमीच घ्यायचं. दोघांच्या १६० ग्रॅमला दीड लिटर पुरे, म्हणजे ते चांगलं गढूळ होतं. मीठ दोन सपाट चहाचे चमचे. त्याहून जास्त नको, कारण हेच पाणी पुढे सॉसमध्ये आटणार आहे आणि रस्सा, चीज यांचं मीठ वेगळं. पाकिटावर ड्युरम व्हीट सेमोलिना लिहिलेलं पाहून घ्या. मैद्याचा पास्ता सॉसमध्ये दोन मिनिटांत लगदा होतो. पाकिटावरच्या वेळेपेक्षा दोन मिनिटं आधी पास्ता काढायचा, मोठा कपभर पाणी बाजूला ठेवायचं आणि उरलेलं शिजणं सॉसमध्येच होऊ द्यायचं. दोन-दोन चमचे पाणी घालत, कढई हलवत. सॉस पास्त्याला धरून राहिला आणि कढईच्या तळाशी डबकं उरलं नाही की झालं.

कोळंबी सॉसमध्ये शिजवत ठेवणं

कालवणात कोळंबी पाच-सात मिनिटं रटरटली तरी मसाला तिला सांभाळून घेतो. पांढऱ्या सॉसमध्ये लपायला जागा नाही, रबर झालेली लगेच कळते. पाठीतला काळा धागा काढून, पुसून कोरडी करायची. मीठ आणि मिरपूड, बस. सवयीने हळद लावू नका, सगळा सॉस पिवळा होतो. लिंबू चोळून ठेवू नका, तोच आंबटपणा पुढे दुधात उतरतो. कढई चांगली तापवून, चमचाभर तेलावर एका थरात पसरायची. मध्यम आकाराला एका बाजूने मिनिटभर, दुसऱ्या बाजूने अर्धं मिनिट. मधोमध किंचित पारदर्शक असतानाच ताटलीत काढायची आणि पास्ता सॉसमध्ये तयार झाल्यावर शेवटच्या मिनिटाला ताटलीतल्या रसासकट परत घालायची. वाढताना आत कुठे कच्ची राहता कामा नये. अर्धगोल वळली म्हणजे झाली, घट्ट वेटोळं झालं म्हणजे उशीर झाला.

फ्रोझन कोळंबी कढईत पाणी सोडते आणि भाजली जाण्याऐवजी उकडते. रात्रभर फ्रिजमध्ये सुटू द्या, मग चाळणीत निथळून कपड्याने टिपा. पाकिटावर फॉस्फेट किंवा ४५१ असा आकडा असेल तर ती पाणी धरून ठेवण्याची प्रक्रिया केलेली आहे, तेव्हा दोन खेपांत भाजा.

माकुल (स्क्विड) घालणार असाल तर दोन मिनिटांच्या आत काढा. त्यापुढे शिजत राहिलं की ते चिवट होतं.

हलकं म्हणून भलतंच काही घालणं

काजूची पेस्ट हलकी नाही. ५० ग्रॅम काजूत बावीसेक ग्रॅम फॅट असतं, म्हणजे आपण वाचवलेल्यातलं जवळपास निम्मं परत आलं. नारळाचं दाट दूधही तसंच, शिवाय मग तो पदार्थ सोलकढीच्या गावाला जातो. उकडलेल्या फ्लॉवरची प्युरी बरेच जण सुचवतात. मी दोनदा केली. दाट होते, पण फ्लॉवरचा वास कोळंबीवर चढतो. मला ती पटली नाही.

चीज एकच क्यूब, किसून, गॅस बंद केल्यावर. इथे प्रोसेस्ड चीज पार्मेझानपेक्षा सोपं जातं, कारण त्यातल्या क्षारांमुळे ते गुठळ्या न होता विरघळतं. इटलीत माशांच्या पास्त्यावर बहुधा चीज घालतच नाहीत. रस्सा चांगला उतरला असेल तर मीही घालत नाही.

बिघडलाच तर

सॉस फुटला तर गॅस लगेच बंद. कोळंबी आणि पास्ता बाहेर काढा, दोन चमचे थंड दुधात अर्धा चमचा कॉर्नफ्लोअर कालवून त्यात घाला आणि हँड ब्लेंडर फिरवा. मग मंद आचेवर ढवळत पुन्हा आळवा. अगदी मखमली होणार नाही, पण खाण्यासारखा नक्की होतो.

फार घट्ट झाला तर पास्त्याचं गरम पाणी घाला, दूध नको. पातळ वाटला तर लगेच काही घालू नका. दोन मिनिटं गॅस बंद करून थांबा, निवताना तो आपोआप आळतो. फिका लागला तर आधी मीठ बघा, मग ताजी मिरपूड, मग लिंबाची साल. कोळंबीलाच अमोनियासारखा उग्र वास येत असेल, तर मात्र सॉस वाचवायच्या भानगडीत पडू नका, ती टाकून द्या.

उरलाच तर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी कोळंबी वेचून बाजूला काढायची, पास्ता चार चमचे दूध घालून मंद आचेवर मोकळा करायचा, आणि तो वाफाळला की कोळंबी वर ठेवून झाकण घालायचं. वाफेत दोन-तीन मिनिटं, चांगली गरम होईपर्यंत.