ग्राफिक्स कार्ड व्हर्च्युअल मशीनला द्यायचंय? आधी बोर्डाचे गट बघा

नवा पीसी जोडणार असाल आणि त्यातलं ग्राफिक्स कार्ड व्हर्च्युअल मशीनला (पीसीच्या आत सॉफ्टवेअरने चालणाऱ्या दुसऱ्या पीसीला) थेट द्यायचा बेत असेल, तर मुंबईच्या लॅमिंग्टन रोडच्या दुकानांत जाताना खिशात लिनक्सचा लाइव्ह पेनड्राइव्ह ठेवा. हे काम जमणार की नाही ते कार्डापेक्षा मदरबोर्डावर ठरतं, आणि बोर्डाच्या खोक्यावर त्याबद्दल एक अक्षर छापलेलं नसतं.

आमच्याकडे याची गरज जागेमुळे पडली. विक्रोळीच्या कन्नमवार नगरात घर, एकच टेबल. मी दिवसभर लिनक्सवर कोड लिहिते. धाकटा भाऊ लग्नांचे व्हिडिओ प्रीमियरवर एडिट करतो, आणि प्रीमियर लिनक्सवर चालत नाही. ड्युअल बूट केलं तर एकाने उठल्याशिवाय दुसऱ्याला बसता येत नाही. म्हणून कॅबिनेट एकच ठेवलं: त्यावर लिनक्स आणि केव्हीएम (लिनक्समधली व्हर्च्युअल मशीन चालवायची सोय), त्यात विंडोजचं व्हर्च्युअल मशीन, आणि एनव्हीडियाचं कार्ड सगळंच्या सगळं त्या विंडोजच्या ताब्यात. टेबलाच्या दोन टोकांना दोन मॉनिटर, दोन कीबोर्ड.

आता हे आत कसं चालतं ते समजून घ्या, कारण पुढच्या सगळ्या अडचणी इथूनच येतात. ग्राफिक्स कार्ड प्रोसेसरला न विचारता थेट रॅममध्ये लिहितं-वाचतं. विंडोजला वाटतं तो मेमरीचा पत्ता आणि खरा पत्ता वेगळे असतात. मधे कोणी नसेल तर कार्ड भलतीकडेच लिहील आणि लिनक्सची मेमरी खराब करेल. हा पत्ता बदलून देणारं आणि कार्डाला कुंपण घालणारं हार्डवेअर म्हणजे आयओएमएमयू. इंटेलकडे त्याला व्हीटी-डी म्हणतात, एएमडीकडे एएमडी-व्हीआय.

पण आयओएमएमयूला प्रत्येक डिव्हाइस वेगळं ओळखता येतंच असं नाही. ज्यांना एकमेकांपासून वेगळं ठेवण्याची खात्री देता येत नाही, त्यांचा एक गट होतो, आणि गट फोडता येत नाही. द्यायचा तर अख्खा गट गेस्टला, म्हणजे व्हर्च्युअल मशीनला, द्यायचा. कार्डाच्या गटात त्याचंच एचडीएमआय ऑडिओ असेल तर उत्तम, दोन्ही एकत्रच द्यायची असतात. सोबत पीसीआय ब्रिज दिसला तरी घाबरू नका, त्याला हात लावायचा नाही. मात्र त्याच गटात साटा कंट्रोलर (ज्याला डिस्का जोडतात तो) किंवा लॅन असेल तर तो स्लॉट विसरा. प्रोसेसरला थेट जोडलेला वरचा लांब स्लॉट बहुधा ठीक असतो. चिपसेटवरून येणाऱ्या खालच्या स्लॉटांत खिचडी जास्त.

म्हणून दुकानात डेमोला लावलेला तोच बोर्ड असेल तर विनंती करा. बायोसमध्ये व्हीटी-डी चालू करा (एएमडीवर आयओएमएमयू आणि एसव्हीएम, म्हणजे व्हर्च्युअल मशीन चालवू देणारा पर्याय), पेनड्राइव्हवरून बूट करा, इंटेल असेल तर बूट मेनूत कर्नलच्या ओळीला ‘इंटेल, अंडरस्कोअर, आयओएमएमयू, बरोबरचं चिन्ह, ऑन’ असं सलग जोडा. मग सिस फोल्डरमधल्या कर्नलखाली आयओएमएमयू ग्रुप्स उघडून पाहा. दुकानदार नाही म्हणाला तर त्याच मॉडेलचे गट कोणी इंटरनेटवर टाकलेत का ते शोधा. गट फोडून दाखवणारा एसीएस ओव्हरराइडचा पॅच मिळतो, पण तो खरं वेगळेपण आणत नाही, फक्त कर्नलला तसं मानायला लावतो. भावाच्या ग्राहकांचं फूटेज ज्या मशीनवर आहे तिथे मी तो वापरणार नाही.

प्रोसेसर घेताना आणखी एक. इंटेलचा नावाच्या शेवटी ‘एफ’ असलेला प्रोसेसर स्वस्त पडतो, पण त्यात अंगभूत ग्राफिक्स नसतं. मग लिनक्सच्या पडद्यासाठी दुसरं कार्ड लागेल. ते पैसे प्रोसेसरवरच घाला आणि बायोसमध्ये अंगभूत ग्राफिक्स मुख्य म्हणून निवडा.

जोडणीचं काम त्यामानाने सरळ आहे. टर्मिनलमध्ये एलएसपीसीआय या कमांडला ‘डॅश एनएनके’ देऊन कार्डाचे आणि त्याच्या ऑडिओचे आयडी टिपून घ्या. ते मॉडप्रोबच्या (ड्रायव्हर लोड करणाऱ्या कमांडच्या) कॉन्फिग फाइलीत व्हीएफआयओ-पीसीआयच्या, म्हणजे कार्ड गेस्टसाठी राखून ठेवणाऱ्या ड्रायव्हरच्या, नावावर लिहा, आणि नूव्हो (एनव्हीडिया कार्डांचा मुक्त ड्रायव्हर) किंवा एनव्हीडियाचा ड्रायव्हर त्याच्या आधी लोड होणार नाही अशी व्यवस्था करा. इनिटरॅमएफएस (बूट होताना आधी लोड होणारी फाइल) पुन्हा बनवा, रीबूट करा. परत एलएसपीसीआय चालवल्यावर कार्डाखाली ‘ड्रायव्हर इन यूज’ पुढे व्हीएफआयओ-पीसीआय दिसलंच पाहिजे. ते दिसेपर्यंत पुढे जाऊ नका. एकाच मॉडेलची दोन कार्डं असतील तर आयडीने दोन्ही उचलली जातील. तिथे पीसीआय पत्त्यावरून बांधावं लागतं.

व्हर्ट-मॅनेजर या लिनक्सवरच्या प्रोग्राममध्ये मशीन बनवताना चिपसेट क्यू३५ आणि फर्मवेअर यूईएफआय निवडा. ‘अ‍ॅड हार्डवेअर’मधून पीसीआय होस्ट डिव्हाइस म्हणून कार्ड आणि ऑडिओ दोन्ही जोडा. विंडोज चालू झालं की एनव्हीडियाचा नेहमीचा ड्रायव्हर टाका. केव्हीएम लपवण्याचे जुने उपाय अजून जागोजागी सापडतात; जीफोर्सचा ड्रायव्हर पूर्वी व्हर्च्युअल मशीन ओळखून एरर ४३ देत असे. २०२१ मध्ये ४६५ मालिकेच्या ड्रायव्हरपासून एनव्हीडियाने ही अडवणूक काढली, तेव्हा नव्या ड्रायव्हरवर त्या खटपटीत पडू नका.

रॅमचा हिशोब आधीच करा. कार्ड थेट मेमरीत लिहीत असल्यामुळे गेस्टची सगळी रॅम सुरुवातीलाच अडकवून ठेवली जाते. ३२ जीबीतली १६ विंडोजला दिली की ती गेली, विंडोज रिकामं बसलं तरी परत मिळत नाही. चालू मशीन तसंच सेव्ह करून ठेवणंही बंद, नीट शटडाउन करावं लागतं.

एएमडीचं सेकंडहँड कार्ड स्वस्तात मिळत असेल तर थांबा. पोलारिस, व्हेगा आणि ‘नावी’ नावाच्या मालिकेच्या पहिल्या पिढीतली बरीच कार्डं गेस्ट बंद झाल्यावर नीट रीसेट होत नाहीत. विंडोज पुन्हा सुरू करायला अख्खा पीसी रीबूट करावा लागतो. दोघे एकाच पीसीवर काम करत असतील तर हे परवडत नाही.

शेवटी यूएसबी. माउस, कीबोर्ड, डोंगल एकेक करून दिले तरी चालतं. पण भावाचा कार्ड रीडर आणि ऑडिओ इंटरफेस दिवसातून कितीदा निघतात आणि लागतात, आणि एकेक दिलेलं डिव्हाइस काढून घातलं की अनेकदा परत जोडावं लागतं, आवाजही तुटतो. यूएसबीचं एक वेगळं पीसीआय एक्सप्रेस कार्ड घ्या, त्याचा गट स्वच्छ आहे ना ते पाहा, आणि तो सबंध कंट्रोलरच विंडोजला देऊन टाका. मग त्याच्या पोर्टांत काय लावायचं आणि कधी काढायचं, ते विंडोजवर बसणारा स्वतःच बघून घेतो.