मिसरूड फुटण्याच्या वयावर दहा मिनिटांची शॉर्टफिल्म

वयात येण्यावरची शॉर्टफिल्म बहुधा कागदावरच फसते. पहिलं प्रेम, दहावीचा निकाल, वडिलांशी भांडण, सगळं दहा मिनिटांत कोंबलेलं असतं. त्यापेक्षा एक दिवस, एक घर आणि एक कृती घ्या. समजा, तेरा वर्षांचा मुलगा वडिलांच्या रेझरने गुपचूप मिसरूड काढतो आणि रात्री सगळ्यांसोबत जेवायला बसतो. पटकथा ८ ते १० पानांची ठेवा. एक पान साधारण एक मिनिट. ‘मी आता मोठा झालोय’ अशा अर्थाचं वाक्य दिसलं की खोडा. भाजी वाढताना आईचा हात थबकला, तेवढं पुरे.

संवाद पाठ करायला देऊ नका. प्रसंग सांगा, मुलाला त्याच्या शब्दांत बोलू द्या आणि तेच पटकथेत उतरवा. चाळिशीतल्या लेखकाची ‘तरुण भाषा’ पहिल्याच वाक्यात उघडी पडते.

मिसरूड एकदाच निघतं, त्यामुळे आधीचे सगळे प्रसंग पहिल्या दिवशी उरका. आरशासमोरचे शॉट फेस लावून, ब्लेड काढलेल्या रेझरने हवे तितक्या वेळा घ्या. मग कॅमेरा बंद करून मोठ्या माणसाने मिसरूड काढावं. जेवणाचा प्रसंग त्यानंतर.

शूटिंग सलग दोन-तीन दिवसांत संपवा. दोन महिन्यांनी राहिलेला शॉट घ्यायला गेलात तर मुलगा उंच झालेला असतो; आवाज फुटला असेल तर डबिंगही जुळत नाही. म्हणून रोज शेवटी महत्त्वाची वाक्यं नुसत्या माइकवर पुन्हा घ्या, शिवाय संकलनात वाक्यांच्या मधल्या जागा भरायला त्या खोलीतली ३० सेकंदांची शांतता.

मोबाइलवर सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० सेकंद शटर ठेवा, नाहीतर ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकतं. एक्सपोजर, म्हणजे चित्राचा उजेड, लॉक करा.

लोक सर्रास विसरतात ती गोष्ट कायद्याची. १४ वर्षांखालील कलाकारासाठी बालमजुरीविषयीच्या २०१७च्या नियमांनुसार जिल्हादंडाधिकाऱ्यांची परवानगी आणि पालकांची संमती लागते. दिवसाला ५ तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग ३ तासांपेक्षा जास्त नाही. कमाईच्या किमान २० टक्के रक्कम मुलाच्या नावे मुदत ठेवीत जाते.

संकलनात शेवटच्या शॉटखाली व्हायोलिन घालायचा मोह होईल. आधी नुसता ताट-वाटीचा आवाज ठेवून पाहा.